हात कामाला, मन देवाला : साउथ युनियनच्या शेकर वस्तीची गोष्ट

अमेरिकेच्या केंटकी राज्यात, टेनेसीच्या सीमेजवळ लोगन नावाची काउंटी आहे. बोलिंग ग्रीन शहरातून पश्चिमेकडे निघाले की सुमारे पंचवीस किलोमीटरवर साउथ युनियन ही छोटी वाडी लागते. रुळांच्या शेजारी जुने हॉटेल, १९१७ मध्ये बांधलेली पोस्टाची विटांची इमारत, थोडी घरे आणि चहूकडे शेती. बाजारहाटासाठी लोक जवळच्या ऑबर्न गावी जातात. या वाडीला स्वतःची नगरपालिका नाही.

पण रुळांपासून थोडे दूर गेले की विटांची एक भव्य इमारत दिसते. तिच्यात चाळीसहून अधिक खोल्या आहेत. पुरुषांसाठी वेगळे दार, स्त्रियांसाठी वेगळे दार. आत जिनेही दोन. भिंतींवर ओळीने लाकडी खुंट्या. एवढे मोठे घर कुणा जमीनदाराचे असेल असे वाटते. प्रत्यक्षात ते अशा माणसांचे होते ज्यांच्यापैकी एकाच्याही नावावर जमिनीचा तुकडा नव्हता.

ही माणसे म्हणजे शेकर. १८०७ ते १९२२ अशी एकशे पंधरा वर्षे ती इथे राहिली. खाजगी मालमत्ता नाही, लग्न नाही, युद्ध नाही आणि स्त्री-पुरुषांना सारखा मान, या चार गोष्टींवर त्यांनी एक अख्खे गाव चालवले. त्या गावाचे काय झाले, हे आपणही समजून घ्यावे असे आहे.

लोहाराची मुलगी

शेकर पंथाची सुरुवात इंग्लंडमधल्या मँचेस्टरला झाली. १७३६ मध्ये तिथे एका लोहाराच्या घरी ॲन ली जन्मली. शाळा तिच्या नशिबी नव्हती. लहानपणीच ती कापडधंद्यात कामाला लागली. लग्न झाले, चार मुले झाली आणि चारही लहानपणीच दगावली. या दुःखातून ती एका छोट्या धार्मिक गटाकडे ओढली गेली. हे लोक प्रार्थनेत थरथरत, डोलत, नाचत. त्यावरून लोक त्यांना ‘शेकिंग क्वेकर’ म्हणू लागले. टिंगलीतून पडलेले नाव पुढे पंथालाच चिकटले.

ॲन ली तुरुंगातही जाऊन आली. माणसाच्या सगळ्या पापांचे मूळ कामवासनेत आहे, तेव्हा ब्रह्मचर्य हाच मुक्तीचा मार्ग, अशी तिची खात्री झाली. देवाच्या ठायी पुरुषतत्त्व आणि स्त्रीतत्त्व दोन्ही आहेत, हा तिच्या पंथाचा दुसरा मोठा विचार. १७७४ मध्ये आठ सोबत्यांना घेऊन ती जहाजाने न्यूयॉर्कला पोहोचली. पुढे तिने आणि तिच्या सोबत्यांनी गावोगाव फिरून उपदेश केला, मारही खाल्ला. १७८४ मध्ये ती वारली. पंथाची घडी नीट बसवली ती तिच्या मागे आलेल्या जोसेफ मीचम आणि लूसी राइट यांनी. एक पुरुष, एक स्त्री आणि दोघांना अधिकार सारखाच. ज्या काळात अमेरिकेत बाईला मताचा हक्क नव्हता आणि लग्नानंतर तिची मालमत्ताही नवऱ्याची होत असे, त्या काळात शेकर गावांत प्रत्येक घराला एल्डर आणि एल्ड्रेस असे दोन्ही असत.

ॲन लीच्या नावावर एक वचन सांगितले जाते : हात कामाला, मन देवाला. उर्दू-फारसीचा कान असलेल्या वाचकाला इथे नक्शबंदी सूफींचे ‘दस्त ब-कार, दिल ब-यार’ आठवल्याशिवाय राहणार नाही. हात कामात, मन त्या प्रियकरापाशी. मँचेस्टरच्या या निरक्षर बाईने फारसी सूफींचे नावही ऐकले असण्याचे कारण नाही. कष्ट करणाऱ्या माणसाने देव शोधायचा ठरवला की वेगवेगळ्या देशांत त्याला एकाच प्रकारची भाषा सुचते, एवढाच याचा अर्थ.

बदमाशांच्या आसऱ्यात

केंटकीत शेकर कसे पोहोचले, हे समजायला १८०० सालात जावे लागते. लोगन काउंटी तेव्हा सरहद्दीवरचा मुलूख होता. पूर्वेकडून पळालेले गुन्हेगार इथे येऊन राहत. ‘बदमाशांचा आसरा’ अशीच तिची ख्याती होती. तिथे जेम्स मॅक्ग्रेडी नावाचा प्रेस्बिटेरियन धर्मोपदेशक रेड रिव्हर, मडी रिव्हर आणि गॅस्पर रिव्हर अशा तीन मंडळ्या सांभाळत होता. १८०० च्या उन्हाळ्यात त्याच्या सभांना अचानक उधाण आले. लोक लांबलांबून गाड्या घेऊन आले, जंगलात मुक्काम ठोकून राहिले, रडले, ओरडले, जमिनीवर कोसळले. अमेरिकन धर्मजीवनात पुढे प्रसिद्ध पावलेल्या ‘कॅम्प मीटिंग’ची सुरुवात गॅस्पर रिव्हरच्या या मेळाव्यापासून मानतात. पुढच्याच वर्षी केंटकीतच केन रिज इथे हजारोंचा जमाव जमला.

ही बातमी न्यूयॉर्क राज्यातल्या न्यू लेबनॉन या शेकरांच्या मुख्य गावी पोहोचली. १ जानेवारी १८०५ रोजी तिथून तीन प्रचारक पायी पश्चिमेला निघाले. हजार मैलांहून अधिक चालून ते ओहायो आणि केंटकीत आले. त्यांचा हिशोब सरळ होता. जिथे लोकांची मने आधीच हलली आहेत, तिथे बी लवकर रुजेल. झालेही तसेच. १८०७ मध्ये प्रचारक गॅस्पर रिव्हरला आले आणि तिथला धर्मोपदेशक जॉन रँकिन स्वतःच शेकर झाला. त्याच्या मंडळीतले बरेच लोक त्याच्यामागे गेले. या वसाहतीला पुढे साउथ युनियन हे नाव मिळाले. शेकरांच्या मोठ्या गावांत हे सर्वांत दक्षिणेचे गाव ठरले.

घर, कोर्ट आणि मालमत्ता

एखादे कुटुंब शेकर झाले म्हणजे नेमके काय होई? नवरा-बायको भाऊ-बहीण होत. मुलांना वेगळ्या घरात ठेवून सगळ्यांच्या देखरेखीत वाढवले जाई. जमीन, जनावरे, पैसा सगळे पंथाच्या नावे होई. सदस्य एका करारावर सही करत. त्यानुसार दिलेली मालमत्ता आणि केलेली मेहनत देवाला अर्पण झाली असे मानत. पुढे कुणी पंथ सोडला तरी तिच्यावर हक्क सांगता येत नसे.

वाचायला हे सुंदर वाटते. शेजाऱ्यांना मात्र ते भयंकर वाटले. नवरा शेकर झाला आणि बायको नाही झाली, तर तिने काय करायचे? मुले कुणाची? शेत कुणाचे? अशी भांडणे इतकी वाढली की १८१२ मध्ये केंटकीच्या विधिमंडळाने कायदाच केला. जोडीदार लग्न नाकारणाऱ्या पंथात गेला तर दुसऱ्याला घटस्फोट मिळू लागला. मालमत्तेची भांडणेही कोर्टात गेली. प्लेझंट हिल या केंटकीतल्या दुसऱ्या शेकर गावातून बाहेर पडलेल्या लोकांनी आपला वाटा मागितला, तेव्हा १८३४ मध्ये राज्याच्या अपील न्यायालयाने शेकरांचा करार वैध ठरवला. जे स्वखुशीने देवाच्या नावे दिले ते परत मागता येणार नाही.

वक्फ म्हणजे काय हे ठाऊक असलेल्या वाचकाला ही कल्पना ओळखीची वाटेल. पण एक मोठा फरक आहे. वक्फमध्ये माणूस मालमत्ता अर्पण करतो आणि तिच्या उत्पन्नाचा लाभ कुणाला मिळावा हे ठरवून देतो. घराण्याच्या नावे केलेल्या वक्फातही वंश संपला तर शेवटी ती गोरगरिबांच्या कामी यावी असा दंडक असतो. शेकरांच्या करारात लाभ घेणारे तेच होते जे अर्पण करत होते. ते संपले तर पुढे काय, हा प्रश्न पहिल्या पिढीला पडण्याचे कारण नव्हते. त्यांच्या लेखी ख्रिस्ताचे पुनरागमन होऊन गेले होते. जग आता बदलणारच होते.

शिस्त आणि रेशीम

साउथ युनियनच्या भरभराटीच्या काळात इथे तीनशेहून अधिक लोक राहत. काही हजार एकर जमीन होती, गिरण्या होत्या, फळबागा होत्या. पहाटेच्या घंटेपासून रात्रीपर्यंत दिवस बांधलेला असे. शेकर खुर्च्या, कपाटे आणि लाकडी डबे आज जगभरच्या संग्रहालयांत मांडलेले असतात. वस्तूत अनावश्यक काही नको आणि आवश्यक ते उत्तम हवे, हा त्यांचा नियम. त्यांच्या दृष्टीने ती कला नव्हतीच, इबादत होती.

पण फर्निचरच्या कौतुकात त्यांचा खरा व्यवसाय विसरला जातो. साउथ युनियनचे नाव होते ते बियाण्यांसाठी. भाजीपाल्याचे बी छोट्या कागदी पाकिटांत भरून शेकर भाऊ नदीमार्गे पार न्यू ऑर्लिन्सपर्यंत विकायला नेत. फळांचे मुरंबे, झाडू, विणलेले हॅट यांचीही विक्री चाले. आणि रेशीम. केंटकीच्या शेकर भगिनी तुतीची झाडे लावून रेशमाचे किडे पाळत, कोश उकळत, सूत काढत आणि स्वतःच रंगवून रुमाल विणत. ताणा एका रंगाचा, बाणा दुसऱ्या. त्यामुळे रुमाल हलवला की रंग बदलत असे. साधेपणाची शपथ घेतलेल्या बायकांनी विणलेले हे धूपछाँव कापड पाहिले की नियमांच्या चौकटीतही सौंदर्याला फट सापडते, हे पटते.

प्रार्थनासभेत मात्र फट शोधावी लागत नसे. स्त्रिया एका बाजूला, पुरुष एका बाजूला, आणि मध्ये मोकळी जमीन. गाणी म्हणत, ओळीत आणि वर्तुळात पावले टाकत ते नाचत. बाहेरचे लोक तमाशा पाहायला येत आणि हसत. मेवलवी दरवेशांचे फिरणे पाहून युरोपचे प्रवासी असेच हसत असत.

काळ्या सदस्यांचे वेगळे घर

साउथ युनियनच्या इतिहासातला सर्वांत अवघड भाग हा आहे. केंटकी हे गुलामगिरीचे राज्य होते. शेकर झालेल्या शेतकऱ्यांपैकी काहींच्या मालकीचे गुलाम होते. माणूस माणसाचा मालक असू शकत नाही ही पंथाची भूमिका होती. काहींनी आपले गुलाम मुक्त केले. काही गुलाम स्वतःही शेकर झाले. पण कायद्याने ते गुलामच राहिले अशीही उदाहरणे आहेत. साउथ युनियनमध्ये काळ्या सदस्यांचे ‘कुटुंब’ वेगळे होते. पंथ एक, प्रार्थना एक, घर वेगळे.

प्लेझंट हिलच्या नोंदींत जोनस क्रचर या काळ्या शेकर भावाची हकिकत आहे. तो सुमारे वीस वर्षे पंथात होता, पण कायद्याने दुसऱ्याच्या मालकीचा. शेकर त्याला मालकाकडून भाड्याने घेत, म्हणजे आपल्याच भावाच्या मेहनतीचे पैसे त्याच्या मालकाला देत. शेवटी १८५९ मध्ये त्यांनी त्याला विकत घेतले, दक्षिणेत विकला जाऊ नये म्हणून. दोन वर्षांत तो वारला.

यावर निवाडा देणे सोपे आहे आणि म्हणूनच थोडे थांबायला हवे. शेजारच्या प्रत्येक शेतावर चाबूक चालत असताना शेकरांनी काळ्या माणसाला भाऊ म्हटले, ही लहान गोष्ट नव्हती. शेजारी त्यांच्यावर खवळलेले असत त्याचे हेही एक कारण होते. पण ज्यांनी लग्न आणि मालमत्ता या मानवी समाजाच्या दोन पुरातन संस्था एका झटक्यात सोडल्या, त्यांना वेगळे घर सोडता आले नाही. समता देवापुढच्या रांगेत मान्य होते आणि राहत्या घराच्या उंबरठ्यावर अडते. मशिदीत खांद्याला खांदा लावून उभे राहणारा आणि सोयरिकीच्या वेळी बिरादरी विचारणारा आपला समाजही याला अपवाद नाही.

दोन्ही फौजांचे जेवण

१८६१ मध्ये यादवी युद्ध पेटले. केंटकी तटस्थ राहू पाहत होते, पण बोलिंग ग्रीनवर दक्षिणेच्या सैन्याने कब्जा केला. तिथून मेम्फिसकडे जाणारी नवी रेल्वे थेट साउथ युनियनवरून जात होती. शेकर हिंसेच्या विरोधात, गुलामगिरीच्या विरोधात आणि संघराज्याच्या बाजूने. आणि त्यांचे कोठार भरलेले. व्हायचे तेच झाले.

एल्ड्रेस नॅन्सी मूर हिने या काळात रोजनिशी लिहिली. आज कोणती तुकडी आली, कोणत्या बाजूची होती, किती जणांना जेवू घातले, किती घोडे आणि गाड्या नेल्या. आधी दक्षिणेचे सैनिक आले, १८६२ च्या फेब्रुवारीत ते हटल्यावर उत्तरेचे आले, मध्येच छापा मारणाऱ्या टोळ्या. भगिनी रात्री-अपरात्री उठून भाकरी भाजत होत्या. जखमींना त्यांनी बाजू न विचारता सांभाळले. पैसे कुणी दिले, कुणी नाही दिले, कुणी नुसती पावती दिली. न्यू ऑर्लिन्सकडचा बियाण्यांचा बाजार युद्धाने बंदच पडला.

मग सक्तीची भरती आली. १८६३ मध्ये साउथ युनियनच्या वडीलधाऱ्यांनी राष्ट्राध्यक्ष लिंकन यांना पत्र लिहिले. सैन्याने आमच्याकडचे सगळे खाल्ले, आम्ही कधी नाही म्हटले नाही, पण आमच्या तरुणांच्या हातात बंदूक देऊ नका, असा त्याचा मथितार्थ. पूर्वेकडच्या शेकरांनीही वॉशिंग्टन गाठले होते. त्यांचा युक्तिवाद मोठा मार्मिक होता. पूर्वी सैनिक असलेले आणि नंतर शेकर झालेले अनेक जण होते, आणि त्यांनी सरकारकडून मिळणारी पेन्शन कधी घेतलीच नव्हती, कारण तो रक्ताचा पैसा. अखेर लिंकन प्रशासनाने शेकरांना भरतीतून मोकळे केले. कोणत्याही बाजूच्या सैनिकाला उपाशी परत न पाठवणे आणि कोणत्याही बाजूने न लढणे, या दोन्ही गोष्टी त्यांनी एकाच वेळी करून दाखवल्या.

ओसरती वाडी

युद्धाने शेकरांना मारले नाही. मारले ते शांततेने. लग्न नसल्यामुळे नवे सदस्य बाहेरूनच यायचे. आधी ते धर्मजागृतीच्या लाटेतून येत, नंतर अनाथ मुलांच्या रूपाने. शेकरांनी शेकडो अनाथांना वाढवले, शिकवले. पण वयात आल्यावर बहुतेकांनी बाहेरची वाट धरली. कारखाने, शहरे आणि पश्चिमेची मोकळी जमीन त्यांना खुणावत होती. हाताने केलेल्या मालाला यंत्राच्या मालाची स्पर्धा सुरू झाली. शेतीला पगारी मजूर लागू लागले.

१८६९ मध्ये शेकरांनी रेल्वेच्या प्रवाशांसाठी स्टेशनजवळ एक हॉटेल बांधले आणि बाहेरच्या माणसाला चालवायला दिले. त्याच्या दर्शनी भागाला उंच खांब आहेत, नक्षी आहे. आपल्या घराला रंगाची एक रेघ जास्त नको म्हणणाऱ्यांनी ते जगाच्या आवडीनुसार सजवले. आजची रुळांलगतची वाडी याच व्यवहारातून आकाराला आली. गावाने जगाकडे उघडलेली ही खिडकी होती, पण तिच्यातून आत येणाऱ्यांपेक्षा बाहेर जाणारेच जास्त निघाले.

१९२२ मध्ये बोटांवर मोजता येतील एवढेच शेकर उरले होते. पंथाच्या मध्यवर्ती नेतृत्वाने साउथ युनियन बंद करायचे ठरवले. उरलेल्यांना दोन पर्याय देण्यात आले : न्यूयॉर्कमधल्या माउंट लेबनॉनच्या शेकरांकडे जा, किंवा रोख रक्कम घेऊन मोकळे व्हा. जवळपास सगळ्यांनी रोख रक्कम घेतली. आयुष्यभर स्वतःच्या नावे छदाम न बाळगलेल्या म्हाताऱ्या माणसांना शेवटी खाजगी मालमत्ता मिळाली ती अशी. जमीन विकली गेली, सामानाचा लिलाव झाला. आजूबाजूचे शेतकरी खुर्च्या आणि पेट्या गाड्यांत घालून घेऊन गेले. नव्या मालकाने बऱ्याच इमारती पाडल्या. प्रार्थनागृहही पाडले गेले.

शतकभरापूर्वी कोर्टाने म्हटले होते की जे देवाला दिले ते परत मागता येत नाही. ते कुणी परत मागितलेही नाही. ज्यांच्यासाठी ते राखले होते तेच उरले नाहीत.

काय उरले

पण जागा रिकामी राहिली नाही. १९४० च्या दशकाच्या अखेरीस बेनेडिक्टाइन कॅथलिक साधूंनी इथली जमीन घेऊन मठ स्थापन केला. काळे आणि गोरे साधू एकत्र राहतील, हा त्या मठाचा उद्देशच होता. केंटकीत तेव्हा वंशभेदाचे कायदे लागू होते. ज्या जमिनीवर शेकरांनी वेगळे घर बांधले होते, तिथेच दुसऱ्या पंथाच्या ब्रह्मचाऱ्यांनी एका छपराखाली राहून दाखवले. पुढे तेही इथून गेले. १९६० मध्ये स्थानिक लोकांनी घरोघर विखुरलेल्या शेकर वस्तू गोळा करून ऑबर्नला छोटे संग्रहालय सुरू केले. दहा-बारा वर्षांनी ते त्या विटांच्या भव्य घरात आले. आज प्रवासी येतात, खुंट्यांवर उलट्या टांगलेल्या खुर्च्या बघतात. मेनमधल्या सॅबथडे लेक या एकाच गावात हा पंथ अजून जिवंत आहे, तोही हाताच्या बोटांवर मोजण्याइतक्या माणसांत.

‘लग्न नाकारले म्हणून संपले’ असे म्हणून आपण सहज पुढे जाऊ शकतो. कुरआनच्या सूरह अल-हदीदमध्ये ईसांच्या अनुयायांच्या रहबानियतचा उल्लेख आहे. ती अल्लाहने फर्मावली नव्हती, त्यांनी ती स्वतः सुरू केली आणि तिचे पालन जसे व्हायला हवे तसे झाले नाही, असे तिथे सांगितले आहे. मात्र अल्लाहची प्रसन्नता मिळवण्याची त्यांची इच्छाही त्याच आयतीत नोंदलेली आहे. आपल्याच परंपरेत हजरत निजामुद्दीन औलियांनी लग्न केले नव्हते आणि त्यांच्या खानकाहच्या लंगरात कुणाला धर्म विचारला जात नव्हता. तेव्हा ब्रह्मचर्य एवढ्या एकाच मुद्द्यावर शेकरांचा निकाल लावणे घाईचे होईल.

तीनशे माणसांनी कोणतीही जबरदस्ती नसताना आपले सगळे एकत्र केले, बाईला बरोबरीचा अधिकार दिला, दोन्ही फौजांना भाकरी दिली आणि तीन-चार पिढ्या ते निभावले. वंश-वारसा, राज्यसत्ता आणि शस्त्र यांच्याशिवाय चाललेला समाज इतका टिकल्याची उदाहरणे फार नाहीत. त्यांना जे जमले नाही, म्हणजे वेगळे घर एक करणे, ते वंश चालवणाऱ्या आणि संख्येने वाढत गेलेल्या समाजांनाही अजून जमलेले नाही. समाज किती वर्षे टिकला हा प्रश्न आपण नेहमी विचारतो. टिकला तेवढ्या काळात त्याच्या दारातून कोण उपाशी परत गेले, हा प्रश्नही विचारायला हवा. साउथ युनियनपुरते त्याचे उत्तर नॅन्सी मूरच्या रोजनिशीत तारीखवार लिहिलेले आहे.